जुन्या फुटेजचा सातबारा : माहितीपटासाठी अभिलेखीय फुटेज शोधणं, तपासणं आणि वापरणं

"इथे काहीतरी जुनं टाकूया." माहितीपटाच्या एडिटवर हे वाक्य हमखास ऐकू येतं. लालबागच्या चाळीतले आजोबा १९८२ च्या गिरणी संपाबद्दल बोलत असतात, त्यांचा चेहरा पडद्यावर जरा जास्त वेळ राहिलेला असतो, मुलाखतीतले दोन कट लपवायचे असतात. मग यूट्यूबवरून उतरवलेला धुराड्याचा एक कृष्णधवल शॉट तिथे येऊन बसतो. धुराडं कुठल्या गिरणीचं, वर्ष कोणतं, कॅमेरा कोणाचा, मालकी कोणाची, हे तेव्हा कोणी विचारत नाही. चॅनल किंवा ओटीटीवाले कागद मागतात तेव्हा हे प्रश्न येतात. तोवर एडिटरने दुसरं काम धरलेलं असतं आणि ज्या हार्ड डिस्कवर ती फाइल होती ती डिस्कही सापडत नाही.

जमीन घेताना आपण आधी सातबारा पाहतो: मालक कोण, कब्जा कोणाचा, बोजा कसला. जुन्या फुटेजच्या प्रत्येक तुकड्याचा असाच उतारा पहिल्या दिवसापासून तयार करायचा, हे या लेखाचं सूत्र. उदाहरणासाठी आपण एक कल्पित माहितीपट धरू: विषय गिरणगाव, काळ साधारण १९४० ते १९९०, बजेट जेमतेम.

पहिली पायरी : शोधण्याआधी यादी

आर्काइव्हच्या संकेतस्थळावर जाऊन "बघू काय मिळतं" असं करू नका. तीन दिवस जातात आणि हाती लागतं ते सुंदर पण निरुपयोगी. आधी पटकथेच्या आराखड्यातून एक यादी काढा आणि तिचे तीन गट करा. ज्याच्याशिवाय प्रसंग उभाच राहत नाही ते. असलं तर उत्तम ते. आणि नसलं तर आवाज, कागद किंवा आजची जागा दाखवून भागेल ते. "१८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला, सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले" या वाक्यासाठी सभेचं दृश्य हवंच आहे, की बंद दरवाजा आणि त्या दिवसाचं वर्तमानपत्र पुरेल? हा निर्णय आधी झाला तर पैसे वाचतात.

यादीसोबत शोधशब्दांची वही करा. सूची ज्या काळात तयार झाली त्या काळाची भाषा तिच्यात असते. इंग्रजी सूचीत "मुंबई" टाकून फार काही हाती लागत नाही. बॉम्बे, पूना, शोलापूर अशीच जुनी स्पेलिंग्ज चालवावी लागतात. "गिरणी कामगार" ऐवजी मिल हँड्स, कॉटन, टेक्स्टाइल, लेबर, स्ट्राइक, मे डे. पानशेतच्या पुराचं काही शोधायचं तर धरणाच्या नावापेक्षा "पूना फ्लड्स" आणि १९६१ हे साल जास्त उपयोगी. शिवाय सूचीकाराला जे महत्त्वाचं वाटलं तेच शीर्षकात येतं. मंत्र्यांनी गिरणीला भेट दिली असेल तर नोंद मंत्र्यांच्या नावाने असते, मागे उभ्या साचेवाल्यांचा (मागावर काम करणाऱ्या कामगारांचा) उल्लेख नसतो. म्हणून गिरणगाव शोधताना पाहुण्यांची नावंही शोधा: कोण आलं होतं, कशाचं उद्घाटन झालं, कोणता परदेशी पाहुणा हिंडून गेला.

जुन्या सूचीत लांबी फुटांत दिलेली असते. ती मिनिटांत करायला सोपा हिशेब लक्षात ठेवा. सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने ३५ मिमी फिल्म मिनिटाला ९० फूट चालते, १६ मिमी ३६ फूट. म्हणजे ९०० फुटांचा ३५ मिमी वृत्तपट दहा मिनिटांचा. नुसत्या "१२ फूट" अशा नोंदीवर आशा बांधून दिल्लीला किंवा लंडनला मेल पाठवण्याआधी ३५ मिमीवर तो आठ सेकंदांचा तुकडा आहे हे कळलेलं बरं.

दुसरी पायरी : कोणाकडे काय आहे

फिल्म्स डिव्हिजन. स्थापना १९४८, पेडर रोड. आपल्या आधीच्या पिढ्यांनी थिएटरमध्ये मुख्य चित्रपटाआधी सक्तीने पाहिलेले समाचारपट आणि अनुबोधपट ते हेच. "फिल्म्स डिव्हिजन की भेंट" ही पाटी अजून अनेकांच्या डोळ्यांपुढे असेल. संस्था आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात, म्हणजे एनएफडीसीत, विलीन झाली आहे आणि व्यवहार त्यांच्यामार्फत होतो. इथे एक गोष्ट मुद्दाम विचारायची. हे पट अनेक भारतीय भाषांत निघत. चित्र तेच, निवेदन वेगळं. तुम्हाला इंग्रजी प्रत दाखवली गेली तरी मराठी आवृत्ती आहे का, हे विचारा. त्या काळातल्या मराठी निवेदनाचा सूर हा स्वतःच एक दस्तऐवज आहे.

फिल्म्स डिव्हिजनच्या आधी, दुसऱ्या महायुद्धाच्या काळात, ब्रिटिश सरकारने वृत्तपटांचं खातं चालवलं होतं. ते १९४६ मध्ये बंद पडलं. परिणाम असा की १५ ऑगस्ट १९४७ ला सरकारकडे स्वतःचं चित्रण पथकच नव्हतं. आपण स्वातंत्र्याची म्हणून जी दृश्यं पाहतो त्यांतली पुष्कळशी परदेशी वृत्तपट कंपन्यांची आणि खासगी कॅमेऱ्यांची आहेत. ४६ ते ४८ मधलं काही हवं असेल तर पेडर रोडवर वेळ घालवण्याआधी हे लक्षात घ्या.

पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय. स्थापना १९६४. इथे नवख्यांचा एक गैरसमज असतो: संग्रहालयात प्रत आहे म्हणजे संग्रहालय परवानगी देईल. तसं नाही. प्रत सांभाळणारा वेगळा आणि हक्क असणारा वेगळा. कथापटातला तुकडा हवा असेल तर निर्माता किंवा त्याचे वारस यांचं लेखी ना-हरकत आणा, मग प्रतीचं बोलणं सुरू होतं. जुनी यादी हातात घेऊन जाणार असाल तर हेही माहीत असू द्या की जानेवारी २००३ च्या आगीत पुण्यातल्या गोदामातली नायट्रेट फिल्मची (सहज पेटणाऱ्या जुन्या फिल्मची) बरीच रिळं जळाली. जुन्या यादीतलं प्रत्येक नाव आज कपाटात असेलच असं नाही.

दूरदर्शन. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. सत्तरच्या आणि ऐंशीच्या दशकातल्या गिरणगावासाठी हे नैसर्गिक ठिकाण. पण टेप महाग होत्या, त्या पुसून पुन्हा वापरल्या जात, त्यामुळे कार्यक्रम झाला होता म्हणजे तो शिल्लक आहे असं गृहीत धरू नका. अर्जात कार्यक्रमाचं नाव, प्रसारणाचा अंदाजे महिना आणि निर्मात्याचं नाव दिलं तर शोध लागण्याची शक्यता वाढते. त्यासाठी आधी निवृत्त माणसांना भेटा. कोणत्या मालिकेत कोणता भाग कोणी केला, हे सूचीपेक्षा त्यांना नेमकं आठवतं.

परदेशात. ब्रिटिश पाथेचा संग्रह १९१० ते १९७० असा आहे आणि बराचसा घरबसल्या पाहता येतो. असोसिएटेड प्रेसचा संग्रहही ऑनलाइन शोधता येतो. वसाहतकाळासाठी ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूट आणि इम्पीरियल वॉर म्युझियम. केंब्रिज विद्यापीठाच्या दक्षिण आशिया अभ्यास केंद्रात भारतात राहिलेल्या ब्रिटिश कुटुंबांच्या घरगुती फिल्म आहेत. त्या पाहताना एक गोष्ट डोळ्यांत भरते: बाग, क्लब, शिकार, पोलो, आणि फ्रेमच्या कडेला एखादा माळी किंवा आया. ज्याच्या हाती कॅमेरा होता त्याचंच जग आत आलं.

गिरणगावाच्या बाबतीत हीच अडचण सगळ्यात मोठी. आठ मिलिमीटरचा कॅमेरा मालकाच्या किंवा मॅनेजरच्या घरी होता, साचेवाल्याच्या खोलीत नव्हता. सरकारी कॅमेऱ्याला उत्पादन दिसत होतं. त्यामुळे यंत्रांचे सुंदर ट्रॉली शॉट मिळतील. खाणावळीतली पंगत, रात्रपाळी सुटल्यावरचा रस्ता, बाकड्यावर झोपलेला माणूस फार क्वचित मिळेल. हे उणेपण झाकू नका. फिल्ममध्ये ते सरळ सांगितलं तर तोच एक अर्थपूर्ण प्रसंग होतो.

घरं, मंडळं, युनियन. माझ्या मते लहान बजेटच्या फिल्मची खरी कमाई इथे आहे. युनियनच्या कार्यालयातले अल्बम, सार्वजनिक गणेशोत्सव मंडळांच्या स्मरणिका, परळ-लालबागमधले जुने फोटो स्टुडिओ, ऐंशीच्या दशकात लग्नाचं व्हिडिओ शूटिंग करणारे. लग्नाच्या कॅसेटमध्ये नवरा-नवरीपेक्षा चाळीचा जिना, नळावरची रांग आणि मागे दिसणारी गिरणीची भिंत तुमच्या कामाची. त्याशिवाय मुंबईच्या कॅम्प या समूहाशी जोडलेला 'पॅड डॉट एमए' हा ऑनलाइन संग्रह बघा. तिथे संपूर्ण फिल्मऐवजी चित्रित सामग्री टाइमकोडसकट (प्रत्येक फ्रेमच्या वेळेच्या क्रमांकासकट) आणि टिपणांसकट ठेवलेली आहे. लॉग, म्हणजे फुटेजची तपशीलवार नोंदवही, कसा लिहावा हे शिकायलाही तो संग्रह उत्तम.

तिसरी पायरी : दृश्याची उलटतपासणी

फुटेज मिळालं की लगेच टाइमलाइनवर ओढू नका. आवाज बंद करून एकदा पाहा, मग फक्त आवाज ऐका. मग चार प्रश्न: कोणी काढलं, कोणासाठी काढलं, केव्हा काढलं, आणि कॅमेरा तिथे आहे हे समोरच्यांना माहीत होतं का.

तारखेचा प्रश्न सर्वांत फसवा. वृत्तपटावरची तारीख प्रदर्शनाची असते, घटनेची नव्हे; मध्ये काही आठवडे जाऊ शकतात. शिवाय त्या काळच्या संपादकांनीही "काहीतरी जुनं" टाकलेलंच असतं, त्यामुळे एका वृत्तपटात दोन वर्षांपूर्वीचा शॉट सापडू शकतो. म्हणून चित्रातल्या खुणा वाचायला शिका. मुंबईच्या रस्त्यावर ट्राम धावताना दिसली तर दृश्य ३१ मार्च १९६४ नंतरचं नाही, कारण त्या रात्री शेवटची ट्राम गेली. गेटवेसमोर शिवाजी महाराजांचा अश्वारूढ पुतळा असेल तर ते २६ जानेवारी १९६१ च्या आधीचं नाही. गाडीच्या पाटीवर एमएच-०१ अशा धाटणीचा क्रमांक असेल तर १९८९ च्या आधीचं नाही. भिंतीवरचं सिनेमाचं पोस्टर, निवडणुकीची चिन्हं, दुकानाची पाटी, बसचा रंग, हे सगळं थांबवून, मोठं करून पाहा. आणि त्या भागात राहिलेल्या दोन-तीन म्हाताऱ्या माणसांना एकत्र बसवून दाखवा. "ही आमची गिरणी नव्हे, हिचं धुराडं चौकोनी आहे" असं कुणीतरी म्हणतं आणि आर्काइव्हची नोंद आडवी होते. ही बैठक रेकॉर्ड करायला विसरू नका. कधीकधी फिल्ममध्ये हाच प्रसंग सर्वांत जिवंत ठरतो.

रचलेली दृश्यं ही जुनीच गोष्ट. १९१६ च्या सोमच्या लढाईवरच्या ब्रिटिश चित्रपटात सैनिक खंदकातून वर चढून पुढे जातात, तो प्रसिद्ध शॉट लढाईत काढलेला नाही, आघाडीमागे रचलेला आहे. रशियन क्रांतीतला हिवाळी राजवाड्यावरचा हल्ला म्हणून जगभरच्या माहितीपटांत फिरलेली दृश्यं आयझेनस्टाइनच्या कथापटातली, क्रांतीनंतर दहा वर्षांनी चित्रित झालेली. आपल्याकडेही अनुबोधपटांत शेतकऱ्यांकडून, कामगारांकडून प्रसंग "करून घेतले" जात. ओळखायची एक सोपी खूण अशी: एकाच कृतीचे दोन-तीन कोन, आणि कॅमेरा आधीच नेमक्या जागी. लांब सावल्यांचा देखणा शॉट असेल तर संशय थोडा वाढवा. रचलेलं दृश्य वापरू नये असं नाही. रचलेलं आहे हे स्वतःला माहीत असावं आणि ते पुरावा म्हणून वापरू नये.

आवाजाचंही तसंच. वृत्तपटांचं बरंचसं चित्रण मुकं होई, संगीत आणि गर्दीचा गलका नंतर चढवला जाई. तुम्हाला ऐकू येणाऱ्या घोषणा त्या मोर्चातल्या असतीलच असं नाही.

चौथी पायरी : हक्क

इथे सर्वाधिक अफवा आहेत. "सात सेकंदांपर्यंत चालतं", "खाली सौजन्य लिहिलं की झालं", "यूट्यूबवर आहे म्हणजे मोकळं आहे": तिन्ही खोटं. भारतीय कॉपीराइट कायद्यात सेकंदांची कुठलीही सूट नाही. कलम ५२ मध्ये समीक्षा, परीक्षण, चालू घडामोडींचं वार्तांकन, संशोधन अशा कारणांसाठी न्याय्य वापराची मुभा आहे. तुमचा वापर त्यात बसतो का, हे प्रत्येक वेळी वेगळं तपासलं जातं. जुन्या दृश्यावर तुम्ही फिल्ममध्ये भाष्य करत असाल तर बाजू बरी. नुसतं वातावरण उभं करायला वापरलं असेल तर लंगडी.

मुदतीचा हिशेब. चित्रपटाचा, म्हणजे वृत्तपट आणि माहितीपटाचाही, हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षाच्या १ जानेवारीपासून ६० वर्षं. १९६१ मध्ये प्रदर्शित झालेला पानशेतच्या पुराचा वृत्तपट असेल तर हक्क ३१ डिसेंबर २०२१ ला संपला. १९८२ च्या संपावरचा पट ३१ डिसेंबर २०४२ पर्यंत बांधलेला. सरकारी कामालाही ६० वर्षंच. "सरकारी म्हणजे जनतेचं" हा अमेरिकेतला नियम, तिथे संघ सरकारची निर्मिती कॉपीराइटमुक्त असते, आपल्याकडे नाही. छायाचित्रांचं गणित वेगळं. २०१२ च्या दुरुस्तीनंतर तो हक्क छायाचित्रकाराच्या हयातीनंतर ६० वर्षं चालतो. म्हणजे एकाच दिवशी, एकाच पुलावर उभं राहून काढलेला वृत्तपट मोकळा आणि फोटो बांधलेला असू शकतो. फिल्ममधलं गाणंही वेगळं धरा. गीतकार आणि संगीतकार यांचे हक्क त्यांच्या हयातीनंतर ६० वर्षं जिवंत असतात.

मालक कोण, याची दोन उत्तरं अनेकांना चकित करतात. पैसे देऊन करून घेतलेल्या चित्रणाचा पहिला मालक पैसे देणारा असतो, जर कराराने वेगळं ठरलं नसेल. लग्नाची कॅसेट व्हिडिओवाल्याकडे सापडली तरी परवानगी त्या कुटुंबाची घ्यायची. उलट, वर्तमानपत्राच्या नोकरीतल्या छायाचित्रकाराच्या फोटोबाबत, वेगळा करार नसेल तर, वृत्तपत्राचा हक्क नियतकालिकात छापण्यापुरता. बाकीचा हक्क छायाचित्रकाराकडे राहतो. वृत्तपत्राच्या कचेरीतून परवानगी मिळाली म्हणून निश्चिंत होऊ नका.

मालक सापडतच नसेल तर कलम ३१क मध्ये सक्तीच्या परवान्याची वाट आहे, पण ती लांब आहे. लहान फिल्मला व्यावहारिक मार्ग एकच: शोध घेतल्याचा पुरावा जपा. पाठवलेली पत्रं, परत आलेली पाकिटं, कोणाला केव्हा विचारलं याची टिपणं. मोठ्या रकमेचा करार समोर असेल तर कॉपीराइटच्या वकिलाची एक बैठक घ्या. तिचा खर्च नंतरच्या भांडणापेक्षा कमीच पडतो.

आणखी एक खोच. हक्क संपला तरी रीळ त्यांच्याच कपाटात आहे. प्रत काढून देण्याचे पैसे आर्काइव्ह घेऊ शकतं आणि त्या करारातल्या अटी तुम्हाला बांधतात. "हे तर मोकळं झालंय" म्हणून काउंटरवर वाद घालण्यात अर्थ नसतो. मोकळ्या झालेल्या पटाची दुसरी चांगली प्रत कुठे आहे का, ते शोधा.

पाचवी पायरी : परवाना मागताना

दर सांगण्याआधी प्रत्येक आर्काइव्ह चार गोष्टी विचारतं: कोणतं माध्यम, कोणता प्रदेश, किती वर्षं, किती सेकंद. "सगळं, सगळीकडे, कायम" असं उत्तर दिलंत तर आकडा ऐकून खुर्ची धरावी लागेल. सुरुवातीला फक्त महोत्सव आणि शैक्षणिक प्रदर्शनाचा परवाना घ्या. पण त्याच पत्रात पुढच्या टप्प्याचे दर लिहून मागा: टीव्हीवर गेली तर किती, ओटीटीवर जगभर गेली तर किती, आणि हे दर किती काळ कायम राहतील. हे लेखी नसेल तर फिल्मला खरेदीदार मिळाल्यावर तुमची गरज बघून दर ठरतो. किमान आकारणीही विचारा. बारा सेकंद वापरले तरी तीस सेकंदांचे किंवा पूर्ण मिनिटाचे पैसे घेणारी आर्काइव्ह आहेत. तसं असेल तर तिथून एक तुकडा घेण्यापेक्षा चार घ्या, किंवा मुळीच घेऊ नका.

घरगुती सामग्रीसाठी एक पानाचं मराठी पत्र पुरतं: काय दिलं, कोणी दिलं, कुठे कुठे दाखवता येईल, मोबदला काय, नाव कसं द्यायचं, परत केव्हा. साध्या भाषेत, मोठ्या अक्षरात. सही घेताना घरातला एखादा तरुण माणूस सोबत असू द्या आणि पत्राची प्रत त्यांच्याकडे ठेवा. शक्य असेल तर अल्बम घराबाहेर नेऊच नका. स्कॅनर घेऊन तिथेच बसा. पोस्टकार्ड आकाराचे फोटो ६०० डीपीआयवर करा आणि मागची बाजूही स्कॅन करा, कारण स्टुडिओचा शिक्का, तारीख, पेन्सिलीने लिहिलेली नावं तिथेच असतात.

सहावी पायरी : लॉग

हे कंटाळवाणं काम कोणालाही टळलेलं नाही. एक साधी स्प्रेडशीट घ्या. स्तंभ असे: तुमचा क्रमांक, आर्काइव्हचा क्रमांक, मूळ फाइलचं नाव, आर्काइव्हची नोंद जशीच्या तशी, तुम्ही तपासून ठरवलेली तारीख आणि जागा, कशावरून ठरवली, मूळ माध्यम, हक्कदार, पत्रव्यवहाराची अवस्था, दर, अटी, सौजन्याचा मजकूर. नोंद आणि तुमचा निष्कर्ष हे दोन स्तंभ वेगळे ठेवणं फार महत्त्वाचं. दोन्ही एकत्र झाले की सहा महिन्यांनी कशावर विश्वास ठेवायचा ते कळत नाही.

आर्काइव्हकडून आधी वॉटरमार्क आणि टाइमकोड छापलेली हलकी प्रत येते. तिचं मूळ नाव बदलू नका. हवं तर तुमचा क्रमांक पुढे जोडा. एडिटमध्ये सगळं जुनं फुटेज स्वतंत्र व्हिडिओ ट्रॅकवर ठेवा. किती सेकंद वापरलं हे एका नजरेत कळतं, आणि एडिट लॉक, म्हणजे अंतिम, झाल्यावर त्या ट्रॅकची यादी काढून आर्काइव्हला नेमका टाइमकोड पाठवता येतो. मूळ दर्जाची फाइल आली की ती फ्रेम मोजून बसवा. हलक्या प्रतीचा टाइमकोड आणि मूळ फाइलचा टाइमकोड जुळत नाही, असं होतंच. आणि वॉटरमार्कवाला एखादा शॉट शेवटच्या प्रतीत राहणं ही या धंद्यातली सर्वांत सामान्य नामुष्की.

सातवी पायरी : रीळ, टेप आणि वेग

फिल्म स्कॅन करून मिळणार असेल तर १६ मिमीला २के आणि ३५ मिमीला ४के मागा, फ्रेमच्या कडा दिसतील इतक्या मोकळ्या चौकटीत आणि रंगसंस्कार न करता. तीस वर्षांपूर्वीच्या बीटाकॅम व्हिडिओ टेपवरचं टेलिसिने (फिल्मवरून व्हिडिओवर उतरवलेली प्रत) देऊ केलं तर मूळ रीळ अजून आहे का, हे एकदा विचारा.

वेग हा दुर्लक्षित विषय. मूक काळातलं आणि बरंच हौशी चित्रण सेकंदाला १६ ते १८ फ्रेमने झालेलं आहे. ते २४ ने चालवलं की माणसं टुणटुण उड्या मारल्यासारखी चालतात आणि प्रेक्षक हसतात. मिठाच्या सत्याग्रहात चालणारी माणसं हास्यास्पद दिसू नयेत, एवढी काळजी आपण घेऊ शकतो. चालण्याची गती डोळ्यांना पटेपर्यंत वेग उतरवा. दुसरं, २४ फ्रेमची फिल्म आपल्याकडच्या २५ फ्रेमच्या टीव्ही पद्धतीत गेली की ती चार टक्के वेगाने धावते आणि आवाज किंचित चढतो. भाषण किंवा गाणं वापरणार असाल तर हे दुरुस्त करून घ्या. जुना टीव्ही आणि व्हिडिओ इंटरलेस असतो, म्हणजे प्रत्येक फ्रेम दोन अर्ध्या चित्रांत विभागलेली असते. नीट काढला नाही तर हलणाऱ्या माणसाच्या कडांना कंगव्याचे दात दिसतात. एडिट सॉफ्टवेअरच्या साध्या बटणावर न सोडता पोस्ट स्टुडिओत हे करून घेतलेलं चांगलं.

चौकट. जुनं चित्र ४:३. ते १६:९ मध्ये ताणून बसवणं हा गुन्हा समजा; सगळे जाडे दिसतात. वरून-खालून कापलं तर एकतर डोकी जातात नाहीतर हातातले फलक. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या ठेवा. प्रेक्षकाला त्यांचा त्रास होत नाही, तो फक्त चॅनलच्या तांत्रिक विभागाला होतो, आणि त्यांच्याशी आधी बोलून घेता येतं.

घरगुती टेपबद्दल: कोकणात आणि मुंबईत दमटपणामुळे व्हीएचएसवर पांढरी बुरशी धरते. खिडकीतून ती दिसत असेल तर कॅसेट मशीनमध्ये घालू नका. टेप तर फाटेलच, शिवाय हेडला लागलेली बुरशी पुढच्या कॅसेटला लागेल. आधी सफाई, मग एकदाच चालवायची आणि त्याच वेळी उतरवून घ्यायची. कॅसेटवर चुकून नवं रेकॉर्डिंग होऊ नये म्हणून तिच्या कडेची छोटी पट्टी मोडलेली आहे ना, तेही बघा. फिल्मचा डबा उघडल्यावर व्हिनेगरचा वास आला तर फिल्मचं ॲसिटेट, म्हणजे तिचा प्लास्टिकचा आधार, कुजायला लागलं आहे. बाकीच्या डब्यांपासून वेगळा ठेवा, प्रोजेक्टरवर चालवून पाहायचा मोह टाळा. पन्नासच्या दशकाच्या आधीची ३५ मिमी फिल्म नायट्रेट असू शकते. ती सहज पेटते. घरी ठेवू नका, प्रवासात नेऊ नका, पुण्याच्या संग्रहालयाला कळवा.

आठवी पायरी : एडिट

जुना शॉट लांब राहू द्या. मुलाखतीच्या भेगा बुजवायला दोन-दोन सेकंदांचे तुकडे लावले की प्रेक्षक ते पाहतच नाही. तोच मोर्चा वीस सेकंद, निवेदनाशिवाय चालू दिला की प्रेक्षक चेहरे शोधू लागतो: तो डोक्यावर टोपलं घेतलेला कोण, ती बाई कॅमेऱ्याकडे का बघतेय. माझा नियम असा की निवेदक जे सांगतोय तेच चित्रात दिसत असेल तर दोहोंपैकी एक काढायचं.

एका गिरणीबद्दल बोलताना दुसऱ्या गिरणीचं दृश्य दाखवावं का? कधी दाखवावं लागतं. मग पडद्यावर जागा आणि वर्ष लिहा. "मुंबईतील एक गिरणी, १९५० चं दशक" एवढं प्रामाणिक लेबलही चालतं. पण विशिष्ट दिवसाची, विशिष्ट माणसाची गोष्ट असेल तर पर्यायी दृश्य नकोच. संपाच्या काळात घर सोडून गावी गेलेल्या कुटुंबाबद्दल बोलताना भलत्याच, नाव नसलेल्या बाईचा रडवेला चेहरा वापरणं मला अयोग्य वाटतं. तिचीही नातवंडं हा माहितीपट पाहत असतील. पुरातले, दंगलीतले मृतदेह दाखवताना हाच विचार करा: यातला माणूस माझ्या घरातला असता तर?

सरकारी निवेदनासकट वृत्तपट वापरणार असाल तर ते निवेदन थोडा वेळ पूर्ण ऐकू द्या. तो करडा, आश्वासक सूरच प्रेक्षकाला सांगतो की बोलणारं कोण आहे. मुक्या दृश्यावर नवा आवाज चढवायचा असेल तर वारा, पावलं, दूरची गर्दी इतकंच. स्पष्ट घोषणा घालू नका.

रंग भरणं आणि एआयने चित्र धारदार करणं सध्या स्वस्त झालं आहे. मी दोन्ही टाळतो. रंग भरणारं सॉफ्टवेअर पातळाचा आणि झेंड्याचा रंग अंदाजाने ठरवतं, आणि लाल बावट्याचा भगवा झाला तर गिरणगावाच्या गोष्टीत सगळा इतिहासच फिरतो. धारदार करणारं सॉफ्टवेअर अस्पष्ट चेहऱ्याच्या जागी नवा चेहरा बनवतं. धूळ, ओरखडे, थरथर कमी करणं ठीक. पूर्णपणे एआयने तयार केलेलं "जुनं" दृश्य घालायचंच असेल तर ते तसं आहे हे पडद्यावर लिहिलंच पाहिजे. अमेरिकेतल्या आर्काइव्हल प्रोड्यूसर्स अलायन्सने २०२४ मध्ये याबद्दल मार्गदर्शक तत्त्वं काढली आहेत, ती निर्मात्याला वाचायला द्या.

नववी पायरी : लॉक झाल्यानंतर

एडिट लॉक झाल्याच्या दिवशी अंतिम यादी काढा: प्रत्येक तुकड्याचा फिल्ममधला प्रवेश आणि शेवट, सेकंद, आर्काइव्ह क्रमांक. ती प्रत्येक आर्काइव्हला पाठवा, बिल मागा, पैसे भरा, करारावर सही झालेली प्रत मिळवा, मगच मूळ दर्जाच्या फाइल बसवा. सौजन्याची वाक्यं करारात आहेत तशीच्या तशी घाला. परदेशी वाहिनी घेणार असेल तर ती हक्कविषयक विमा मागते, आणि विमा कंपनी तुमचा हाच लॉग मागते.

परवान्यांच्या मुदती निर्मात्याच्या कॅलेंडरमध्ये सहा महिने आधीच्या इशाऱ्यासह नोंदवा. पाच वर्षांचा परवाना संपल्यावरही फिल्म ओटीटीवर चालू राहिली तर जबाबदारी तुमची असते, त्यांची नव्हे. घरगुती फोटो आणि कॅसेट परत करताना त्यांच्या डिजिटल प्रती पेन ड्राइव्हवर त्या कुटुंबाला द्या, आणि ते राजी असतील तर एक संच एखाद्या संग्रहाकडे, तुम्ही शोधून काढलेल्या तारखा आणि नावांसकट.